निशाणी पाचवर निर्णय कधी होणार?

तापीकाठच्या एका तालुक्यातून एका भगिनीचे पत्र आले आहे. यजमानांना जाऊन तीन वर्षे झाली. पाच एकर केळी, दोन मुलगे; थोरला शेत बघतो, धाकटा बारावीला आहे. सासऱ्यांच्या हयातीत वाटणी झाली, तेव्हा रस्त्यालगतचे पुढचे शेत चुलत सासऱ्यांकडे गेले आणि मागचे यांच्याकडे आले. मागच्या शेताचा गाडरस्ता पुढच्या शेताच्या बांधाकडेने पूर्वापार होता. यजमान गेल्यावर चुलत दिरांनी त्या रस्त्यावर आडवी चारी खोदली आणि बाभळीच्या काट्या टाकल्या. महिन्याभरात यांनी तालुक्याच्या दिवाणी कोर्टात दावा लावला, सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्जही दिला; कोर्टात त्यालाच ‘निशाणी पाच’ म्हणतात. त्याला चौदा महिने झाले, अठरा तारखा झाल्या, अर्जावर निर्णय नाही. मागच्या हंगामात केळीचे घड मजुरांच्या डोक्यावर लांबवर वाहून गाडीपर्यंत न्यावे लागले. आता मृगबागेची कापणी जूनमध्ये लागेल. मावसभाऊ म्हणतात, ‘हायकोर्टात जा, चार आठवड्यांत निकाल द्या असा आदेश मिळतो, आमच्या ओळखीत एकाला मिळाला.’ वकील म्हणतात, ‘वर गेलात तर साहेब नाराज होतील.’ भगिनी विचारतात, ‘हायकोर्टात जाऊ का? गेले तर रस्ता मिळेल का?’ पत्रासोबत त्यांनी रोजनाम्याची, म्हणजे कोर्टात दर तारखेला काय झाले त्या नोंदींची, आणि अर्जाची नक्कल पाठवली आहे.

ताई,

पत्र वाचून झाल्यावर मी आधी रोजनामा हातात घेतला. तुम्ही पत्रात एक वाक्य लिहिले आहे, ‘कोर्ट आमच्याकडे बघतच नाही.’ चौदा महिने तारखेच्या दिवशी सकाळची एसटी पकडून, दुपारी दोनपर्यंत बाकावर बसून, नुसती पुढची तारीख घेऊन परत येणाऱ्या माणसाला असेच वाटणार. त्या वाटण्याला मी खोटे म्हणत नाही. पण रोजनाम्यात काय लिहिले आहे ते आपण दोघे मिळून एकदा पाहू, कारण हायकोर्टात गेलात तर तिथले न्यायमूर्ती सर्वांत आधी हाच कागद उलटणार आहेत.

अठरा तारखांपैकी पाच तारखा समन्सच्या बजावणीत गेल्या. तीन प्रतिवादींना समन्स पहिल्या महिन्यातच मिळाले. चौथे, म्हणजे सुरतला राहणारे धाकटे दीर, यांचे समन्स दर वेळी परत आले. समन्स पोचवणाऱ्या बेलिफाच्या शेऱ्यात ‘पत्ता अपूर्ण’ असे दिसते. पुढच्या सहा तारखांना प्रतिवादींच्या वकिलांनी म्हणणे देण्यासाठी मुदत मागितली आणि ती मिळाली. दोन तारखांना न्यायाधीश रजेवर होते. एका तारखेला युक्तिवाद नेमला होता, पण बोर्ड, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी, मोठा असल्याने नंबर लागला नाही. उरल्या चार. त्या चारही दिवशी लिहिले आहे, ‘वादीतर्फे मुदतीचा अर्ज. मंजूर.’ वादी म्हणजे तुम्ही, ताई. कदाचित तुमच्या वकिलांना त्या दिवशी दुसऱ्या कोर्टात काम असेल, कदाचित कागद जमले नसतील. तुम्ही बाकावर बसलेल्या असताना तुमच्याच नावाने मुदत मागितली गेली हे तुम्हाला कोणी सांगितलेही नसेल. मी हे दोष देण्यासाठी लिहीत नाही. पण ‘उशीर कोर्टाने केला’ या पायावर हायकोर्टात अर्ज उभा करायचा असेल, तर तो पाया आधी तपासून घ्यायला हवा.

आता हा अर्ज मुळात काय असतो ते थोडक्यात सांगते, कारण अशीच पत्रे चोपड्याहून, साक्रीहून, शहाद्याहूनही येतात. दाव्याचा शेवट व्हायला वर्षे लागतात. तोवर ज्या गोष्टीसाठी भांडण आहे तीच नाहीशी होऊ नये, म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ व २ मध्ये तात्पुरत्या मनाईची सोय आहे. आपल्याकडे दाव्यासोबतच्या या अर्जाला बहुतेक वेळा पाच क्रमांकाची निशाणी पडते, म्हणून सगळे त्याला ‘निशाणी पाच’ म्हणतात. तो ठरवताना कोर्ट तीन गोष्टी पाहते: तुमची बाजू प्रथमदर्शनी खरी वाटते का, मनाई दिली नाही तर जास्त हाल कोणाचे होतील, आणि नंतर पैशाने भरून निघणार नाही असे नुकसान होईल का. साक्षीपुरावे झालेले नसतात. शपथपत्रे, कागद आणि युक्तिवाद एवढ्यावरच निर्णय होतो. म्हणूनच हा अर्ज लवकर निकाली निघायला हवा आणि निघू शकतो. चौदा महिने ही त्याच्यासाठी फारच मोठी मुदत आहे, यात मला तिळमात्र शंका नाही.

तुमच्या मावसभावांनी आणखी एक सांगितले आहे, की कायद्यात तीस दिवसांची मुदत आहे. हे अर्धे खरे आहे, आणि गावोगाव या अर्ध्या माहितीवर लोक वकिलांशी वाद घालतात. तीस दिवसांचा नियम आदेश ३९ च्या नियम ३-अ मध्ये आहे. समोरच्याला नोटीस न देता कोर्टाने एकतर्फी मनाई दिली असेल, तर तीस दिवसांत दोन्ही बाजू ऐकून अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न कोर्टाने करावा, जमले नाही तर कारणे लिहावीत, असे तो नियम सांगतो. तुमच्या दाव्यात पहिल्या दिवशी एकतर्फी मनाई मिळाली नाही. कोर्टाने प्रतिवादींना आधी नोटीस काढली. त्यामुळे तो नियम तुमच्या अर्जाला लागू होत नाही. तुमचा आधार वेगळा आहे: तातडीचा अर्ज तातडीनेच ऐकायचा असतो, नाहीतर त्याला अर्थ राहत नाही.

याच नियमाने जे पलीकडच्या बाजूला उभे आहेत त्यांच्यासाठी दोन शब्द. तुमच्याविरुद्ध एकतर्फी मनाई झाली असेल, महिने लोटले असतील आणि वादीच तारखा घेत असेल, तर ‘अर्ज अजून पडून आहे’ म्हणून हात बांधून बसू नका. नियम ४ खाली मनाई उठवण्याचा अर्ज देता येतो. आणि सर्वोच्च न्यायालयाने २००० साली ए. वेंकटसुब्बय्या नायडू यांच्या प्रकरणात सांगितले आहे की तीस दिवसांत निर्णय झाला नाही, तर बाधित पक्षाला त्या एकतर्फी आदेशावर अपील करता येते. एकतर्फी मनाई घेऊन वर्षभर स्वस्थ बसणारे वादी मी पाहिले आहेत. त्यांच्यामुळे समोरच्याचे शेत पडीक राहते, आणि तो अन्यायही तुमच्या अन्यायाएवढाच खरा असतो.

आता हायकोर्टाकडे येऊ. जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे आपले तिन्ही जिल्हे मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठाखाली येतात. कागदांवर ते औरंगाबाद खंडपीठ म्हणूनही असते. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ प्रमाणे उच्च न्यायालयाला आपल्या क्षेत्रातल्या सगळ्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार आहे. त्या अधिकारात ‘अमुक अर्ज इतक्या आठवड्यांत निकाली काढा’ असे निर्देश खालच्या कोर्टाला दिले जातात. हे मावसभावांनी खरेच सांगितले. त्यांनी न सांगितलेला भाग असा, की २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने अलाहाबाद हायकोर्ट बार असोसिएशनच्या प्रकरणात बजावले आहे की उच्च न्यायालयांनी आणि स्वतः सर्वोच्च न्यायालयाने इतर कोर्टांतली प्रकरणे ठराविक मुदतीत संपवा असे निर्देश सरसकट देऊ नयेत; अपवादात्मक परिस्थितीतच द्यावेत. निकालपत्र न्या. अभय ओक यांनी लिहिले. ते आधी मुंबई उच्च न्यायालयातच न्यायमूर्ती होते. कारण साधे आहे आणि मला ते पटते. प्रत्येक कोर्टात साचलेल्या कामाची तऱ्हा वेगळी असते, आणि आधी काय घ्यायचे हे तिथल्या न्यायाधीशाला जास्त कळते. ज्याच्याकडे वर जायचे पैसे आहेत त्याचे प्रकरण पुढे सरकले, तर त्याच बाकावर बसलेल्या, पैसे नसलेल्या माणसाचे मागे जाते. पोटगीसाठी आलेली एखादी आई त्या रांगेत असू शकते.

म्हणजे दार बंद झाले आहे का? नाही. नाशवंत पीक, शेतात जायला दुसरी वाट नाही, कापणीची वेळ ठरलेली, आणि अर्ज वर्षाच्या वर पडून, हे सगळे एकत्र आले तर ते वेगळे प्रकरण आहे असे हायकोर्टापुढे मांडता येते. पण मांडताना ‘माझ्या बाजूने सगळी तयारी आहे, मी एकही मुदत मागितलेली नाही’ असे म्हणता आले पाहिजे. आज तुम्हाला तसे म्हणता येत नाही, ते त्या चार नोंदींमुळे.

आणि समजा तसा आदेश मिळाला, तर त्यात काय असते? साधारण अशा आशयाचा मजकूर: खालच्या कोर्टाने निशाणी ५ वर इतक्या आठवड्यांत, कायद्याप्रमाणे, स्वतःच्या मताने निर्णय द्यावा, दोन्ही बाजूंनी सहकार्य करावे, गुणदोषांवर आम्ही काही बोललेलो नाही, सगळे मुद्दे खुले. रस्ता तुमचा की त्यांचा याबद्दल एक अक्षर नसते. लोक हा कागद गावात ‘हायकोर्टाने आमच्या बाजूने निकाल दिला’ म्हणून दाखवतात आणि पाच आठवड्यांनी अर्ज नामंजूर झाला की कोसळतात. तुमच्या पत्रात ‘गेले तर रस्ता मिळेल का’ असे आहे, म्हणून हे स्पष्ट लिहिते आहे. मिळेल ती मुदत. त्या मुदतीत तुमचा अर्ज जसा असेल तसाच ठरेल.

म्हणून मी तुमचा अर्ज वाचला, आणि इथे मला खरी काळजी वाटली. अर्जाच्या शेवटच्या पानावर विनंतीचे कलम आहे. त्यात लिहिले आहे, ‘प्रतिवादींनी वादीच्या वहिवाटीस हरकत अडथळा करू नये अशी तूर्तातूर्त ताकीद व्हावी.’ ताई, चारी तर आधीच खोदली गेली आहे. काट्या पडल्या आहेत. हा अर्ज उद्या शंभर टक्के मंजूर झाला, तरी ‘यापुढे अडथळा करू नका’ एवढाच हुकूम होईल. चारी बुजवा, काट्या उचला, असे त्यात कुठेही नाही. चुलत दीर म्हणतील, ‘आम्ही नवीन काही करत नाही.’ आणि जूनमध्ये तुमचे घड पुन्हा मजुरांच्या डोक्यावर.

झालेला अडथळा काढायला लावणाऱ्या हुकुमाला आज्ञार्थी मनाई म्हणतात. ती तात्पुरत्या टप्प्यावरही देता येते, पण सहज मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली दोराब वॉर्डन यांच्या प्रकरणात तिचे निकष सांगितले: वाद सुरू होण्याआधी जी निर्विवाद स्थिती होती ती परत आणण्यासाठी ती द्यावी, आणि त्यासाठी नेहमीच्या मनाईपेक्षा भक्कम बाजू दाखवावी लागते. तुमची बाजू भक्कम होऊ शकते असे मला वाटते. वाटणीच्या कागदात ‘मागच्या हिश्शाला बांधाने जाण्यायेण्याचा रस्ता’ असा उल्लेख आहे, असे तुम्ही पत्रात ओझरते लिहून गेला आहात. तो उल्लेख लाखमोलाचा आहे! एकत्र मिळकतीची वाटणी होऊन मागच्या हिश्शाला दुसरी वाटच उरत नसेल, तर १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याचे कलम १३ त्याला गरजेचा रस्ता देते. वीस वर्षांच्या वहिवाटीचा मुद्दा कलम १५ चा, तो वेगळा. तोही मांडावा, पण तुमचा मुख्य आधार वाटणीचा कागद. तो दाव्यासोबत दाखल आहे का, तेवढे पाहा. अर्जासोबतच्या कागदांच्या यादीत मला तो दिसला नाही.

तेव्हा हायकोर्टाच्या आधी हे करा. वकिलांकडे वेळ मागून बसा आणि त्यांना आज्ञार्थी मनाईचा स्वतंत्र अर्ज द्यायला सांगा. दाव्याच्या विनंतीतही ती मागणी नसेल तर दुरुस्तीचा अर्ज द्यावा लागेल. दुरुस्तीत पुन्हा महिने जाऊ नयेत म्हणून हे याच तारखेला व्हायला हवे. सोबत कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्ज द्या. कमिशनर शेतावर येऊन चारी किती फूट लांब, किती खोल, ट्रॅक्टर जायला दुसरी वाट आहे की नाही, हे नकाशासह लिहून देतो. मालकी कोणाची हे तो ठरवत नाही, पण ‘दुसरी वाट नाही’ हे कोर्टाच्या माणसाने लिहिलेले असले की युक्तिवाद अर्ध्या तासाचा होतो. थोरल्याने मोबाइलवर काढलेले फोटो चांगले आहेत. त्यांना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र जोडावे लागते, ते वकील तयार करून देतील. आणखी एक फोटो काढून ठेवायला सांगा: डोक्यावर घड घेतलेला मजूर चारीतून पाय टाकतानाचा, पाठीमागे बाग दिसेल असा. मागच्या हंगामाच्या वाहतुकीच्या आणि मजुरीच्या पावत्या, आणि त्याआधीच्या वर्षीच्या पावत्या, दोन्ही शेजारी शेजारी लावा. समोरचे वकील म्हणणारच, की नुकसान पैशाने भरून निघते. तेव्हा सांगायचे, की बागेत ट्रॅक्टर जात नाही, खत वेळेवर जात नाही, एप्रिल-मेच्या उन्हात बाग एकदा बसली की कोणतीही भरपाई ती उभी करत नाही.

सुरतच्या दिरांचे काय? त्यांनी चारी खोदलेली नाही. त्यांच्या बजावणीसाठी निशाणी ५ अडवून ठेवायचे कारण नाही. ‘या अर्जापुरती प्रतिवादी क्र. ४ विरुद्ध मागणी नाही, क्र. १ ते ३ विरुद्ध अर्ज चालवावा’ अशी पुरशिस, म्हणजे कोर्टाला द्यायचे छोटे लेखी निवेदन, वकील देऊ शकतात. दाव्यासाठी त्यांचा पूर्ण पत्ता शोधा. लेकीसुनांच्या लग्नपत्रिकांवर असे पत्ते सापडतात, मी कितीदा तिथूनच काढले आहेत. नाहीच मिळाला, तर आदेश ५ च्या नियम २० प्रमाणे वर्तमानपत्रातून समन्स बजावण्याची परवानगी मागता येते.

प्रतिवादी १ ते ३ यांनी सहा वेळा मुदत घेऊनही म्हणणे दिलेले नसेल, तर पुढच्या तारखेला ‘म्हणण्याशिवाय अर्ज चालवावा’ असा अर्ज द्या. कोर्टाच्या आवारात त्याला ‘नो से’ म्हणतात. कोर्ट कदाचित शेवटची संधी देईल, कदाचित खर्च बसवून देईल, पण रोजनाम्यात नोंद होईल. त्याच दिवशी वादीतर्फे लेखी युक्तिवाद दाखल करा आणि ‘वादी युक्तिवादास तयार आहे’ अशी पुरशिस द्या. सोबत एका पानाचा तातडीच्या सुनावणीचा अर्ज: कापणी जूनमध्ये, आणि मे महिन्यात दिवाणी कोर्टांना उन्हाळी सुटी, म्हणून एप्रिलअखेर सुनावणी व्हावी. तारखांचे हे गणित न्यायाधीशांना कोणी सांगितलेच नसेल. शंभर फायलींच्या गठ्ठ्यात तुमची एक फाईल असते, आणि तीत ‘कापणी जूनमध्ये’ असे कुठेही लिहिलेले नाही.

हे सगळे करून दोन-तीन तारखा कोऱ्या गेल्या, तर मग घाट चढून खंडपीठात जा, आणि निर्धास्त जा. तेव्हा तुमच्या रोजनाम्यात पुरशिस, लेखी युक्तिवाद, तातडीचा अर्ज आणि कमिशनचा अर्ज असे चार कागद असतील. याचिकेत न्यायाधीशांबद्दल तक्रारीचा एक शब्दही लिहू देऊ नका. तारखा, नोंदी, पिकाची स्थिती एवढेच. याचिका न्यायाधीशाविरुद्ध नसते, ती प्रलंबित अर्जाबद्दल असते. ‘साहेब नाराज होतील’ ही भीती मी वर्षानुवर्षे ऐकत आले. वरून आलेल्या निर्देशाची नोंद घेऊन काम पुढे नेणे हा खालच्या कोर्टाचा रोजचा भाग आहे; त्यावरून पक्षकारावर राग धरणारे न्यायाधीश माझ्या पाहण्यात फार थोडे आहेत. तुमच्या वकिलांना मात्र वेगळी अडचण असू शकते. रोजनामा वर गेला की त्या चार मुदतीही वर जातात. हे समजून घ्या, त्यांच्यावर आवाज चढवू नका. ‘साहेब, याच्यापुढे आपल्याकडून मुदत नको, तुम्हाला जमत नसेल त्या दिवशी ज्युनिअरला उभे करा’ असे शांतपणे सांगा. मग तारखेवर थोरल्याला पाठवा आणि संध्याकाळी मोबाइलवर ई-कोर्ट्स सेवेच्या ॲपमध्ये दाव्याचा सोळा अक्षरांचा सीएनआर नंबर टाकून त्या दिवशी काय झाले ते तो स्वतः वाचेल असे करा. म्हणजे कोणी काय सांगितले यावर राहायला नको.

खर्चाचे तुम्ही शेवटी, संकोचून लिहिले आहे. संकोच करू नका. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलेला मोफत वकील मिळतो, तिचे उत्पन्न किंवा जमीन कितीही असो. तालुक्याला विधी सेवा समिती आहे, जिल्ह्याला प्राधिकरण, आणि हायकोर्टासाठी खंडपीठातच उपसमिती आहे. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही चौकशी करता येते. सध्याच्या वकिलांना ठेवून फक्त हायकोर्टाचे काम तिकडून करून घेता येते.

अर्ज ऐकला गेला आणि नामंजूर झाला तर? हा प्रश्न तुम्ही विचारला नाही, पण लवकर निर्णय मागणाऱ्याने तो स्वतःला विचारायलाच हवा. त्या आदेशावर जिल्हा न्यायालयात अपील होते, आदेश ४३ नियम १(आर) खाली, तीस दिवसांत. म्हणून ज्या दिवशी निर्णय होईल त्याच दिवशी सर्टिफाईड नकलेचा अर्ज द्या. मंजूर झाला आणि दिरांनी मानला नाही, तर आदेश ३९ चा नियम २-अ आहे: मिळकत जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते.

आता तहसीलदारांबद्दल, कारण गावात कोणीतरी तुम्हाला ‘कोर्टात कशाला गेलात, तहसीलदाराकडे जायचे’ असेही म्हणाले आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ प्रमाणे शेतरस्त्यावरचा अडथळा तहसीलदार काढायला लावू शकतात, पण अडथळा केल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज द्यावा लागतो. तुमचे ते दिवस निघून गेले. हे वाचणाऱ्या ज्यांची वाट गेल्या महिन्यात अडवली गेली, त्यांनी मात्र ही मुदत आजच मोजावी. बऱ्याचदा हाच जवळचा मार्ग असतो. दुसरे, जमीन महसूल संहितेचे कलम १४३ आहे. त्यात बांधावरून रस्ता मागता येतो आणि तहसीलदार गरज पाहून देतात. पण दिवाणी दाव्यात ‘रस्ता पूर्वापार आहे’ म्हणायचे आणि तहसीलदाराकडे ‘नवीन रस्ता द्या’ म्हणायचे, हे दोन सूर एकत्र लागले तर समोरचा वकील त्याचाच फायदा घेईल. वकिलांना विचारल्याशिवाय तो अर्ज देऊ नका.

आणि एक गोष्ट, जी मी बरेच दिवस मनात घोळवून लिहिते आहे. तुमच्या पत्रात मध्येच एक ओळ आहे, की यजमान असताना सामाईक विहिरीच्या पाळीवरून त्यांचे आणि दिरांचे वाजले होते, आणि अजून पाळी पूर्वीसारखी सुरू झालेली नाही. चारी रस्त्यावर खोदली आहे, पण ती पाण्यासाठी खोदली गेली नसेल ना? मी दिरांची बाजू घेत नाही. विधवा भावजयीची वाट अडवणे हे कोणत्याही कारणाने चूकच. पण उत्तर ‘हो’ असेल तर आणखी एक दार उघडते. कापणीपुरती तात्पुरती तडजोड कोर्टातच लिहून देता येते: ‘उभय पक्षांच्या हक्कांना बाधा न येता, कापणी संपेपर्यंत वादीचा ट्रॅक्टर चारीवर फळ्या टाकून ने-आण करील, तोवर विहिरीची पाळी अशी अशी राहील.’ दोघांच्या सह्या, कोर्टाचा शिक्का. दावा चालूच राहतो, कोणी काही सोडत नाही, आणि जूनमध्ये घड गाडीत जातो. दीर तुमच्याशी बोलत नसतील, पण थोरल्या नणंदेचे ऐकतात असे तुम्हीच लिहिले आहे. त्यांना एकदा घरी बोलवा. चहा झाल्यावर कागदाचा विषय काढा, आधी काढू नका.

पुढच्या तारखेला अजून सोळा दिवस आहेत. त्यातले पहिले दोन वाटणीचा कागद शोधण्यात घाला. तुम्ही लिहिले आहे की तो सासऱ्यांच्या पत्र्याच्या पेटीत, जुन्या सातबाऱ्यांच्या घडीत असावा. पेटी उघडताना थोरल्याला जवळ बसवा आणि जो कागद निघेल त्याचा तिथेच फोटो काढून ठेवा. इतका जुना कागद घडीवर फाटतो.